अळणीताई

"तुझ्या आईला हल्ली वास येत नाही," खालच्या मजल्यावरच्या काकूंनी मला जिन्यात थांबवून सांगितलं. "काल दूध करपलं, वास आमच्या घरापर्यंत आला, आणि ती बाजूच्या खोलीत निवांत कपड्यांच्या घड्या घालत होती. जरा लक्ष ठेव गं."

मी म्हटलं, आईचं सगळं लक्ष नातवात असतं, दुधाचं काय घेऊन बसलात. कडेवर बाळ होतं, एका हातात तापाचं औषध. वर गेले आणि विसरून गेले.

लक्ष ठेवणं हेच तर माझं तेव्हा काम होतं. बाळ झोपलं की त्याच्या नाकाशी बोट धरायचं, उठलं की का उठलं म्हणून कपाळाला हात लावायचा. नवऱ्याची दूर बदली झाली होती. तिकडे घर मिळेपर्यंत मी आईकडे राहत होते. तो फोनवर म्हणायचा, पोराला झोपू न देणारी तूच आहेस. मला हसू यायचं नाही, रागही यायचा नाही. दिवस कापसातून गेल्यासारखे जात होते.

आई वस्तुसंग्रहालयात कामाला होती. आमच्या गावासमोरच्या खाडीत एक जुनं बंदर बुडालेलं आहे, दोन हजार वर्षांपूर्वीचं. पाणबुडे तिथून रांजण, दिवे, दगडी नांगर वर काढतात. लोकांना वाटतं, वस्तू समुद्रातून बाहेर आली की वाचली. तसं नसतं. इतकी वर्षं पाण्यात राहून मातीच्या भांड्यात मीठ मुरलेलं असतं. भांडं तसंच वाळवलं तर ते मीठ आतल्या आत फुलतं आणि वरचा थर पापुद्र्यासारखा सोडून देतं. म्हणून भांडी गोड्या पाण्याच्या टाक्यांत महिनोन्‌महिने बुडवून ठेवायची, पाणी बदलत राहायचं, सगळं मीठ सुटून येईपर्यंत.

बाबा गेल्यावर आई तिथे फरशी पुसायला म्हणून लागली. टाक्यांची खोली तिच्याकडे आली आणि तिथेच ती रमली. बदलायच्या आधी पाण्यात बोट बुडवून ते जिभेला लावायची तिला सवय. बरेच दिवस "खारट" म्हणायची, मग "किंचित", आणि एखाद्या दिवशी डोळे मिटून "अळणी." तेवढा एक शब्द निघाला की भांडं बाहेर. मीठ मोजायचं यंत्र होतं. मॅडम, म्हणजे तिथल्या रसायनतज्ज्ञ, ते नंतर लावून बघत आणि आकडा आईच्या शब्दाशी जुळे. इतक्या वेळा जुळला की यंत्र लावणं पुढे पुढे उपचार झाला. आईला सगळे अळणीताई म्हणू लागले. "अळणीताई, आमच्या मोठ्या साहेबांनाही एकदा चाखून बघा, किती मुरलेत ते," असं कुणी म्हणालं की आई हातातलं काम न थांबवता म्हणायची, "त्यांना वर्षभर भिजू द्या अजून."

त्या वर्षी यंत्र दुरुस्तीला गेलं आणि लवकर आलंच नाही. आईच्या शब्दावर काही छोटे दिवे बाहेर काढले. वाळल्यावर त्यांच्यावर पांढरी बुरशी धरावी तसं मीठ आलं आणि तोंडाकडचा भाग भुगा होऊन गळला. मॅडम म्हणाल्या, मातीच कच्ची होती, कधी कधी होतं. आईने घरी येऊन हे सांगितलं, आणि पाय धुवायला गेली.

मग एका दुपारी तिने बाळाला मऊ भात भरवायला घेतला. पहिल्या घासाला बाळाने तोंड वेडंवाकडं केलं, दुसरा थुंकला. आई म्हणाली, नखरे बघ साहेबांचे. मी बोटावर घेऊन चाखला. तोंडात धरवेना इतका खारट होता. आईने बाळाचा उरलेला भात वाटी पुसून खाल्ला, शांतपणे, वाया नको जायला म्हणून.

 संध्याकाळी भाजीत मुद्दाम मीठ घातलंच नाही.

"कशी झालीय?"

"छान. हात बसला तुझा."

मी तिच्याकडे बघत राहिले. तिने एक घास चावला, गिळला, पाणी प्यायली.

"मीठ नव्हतं ना त्यात?" ती म्हणाली.

"नव्हतं."

"मला वाटलंच. तू तशी बघत होतीस."

किती दिवस असं होतंय, विचारलं. थंडीत सर्दी झाली होती, तेव्हापासून, म्हणाली. आधी वास गेला, मग चव. येईल परत म्हणून वाट बघत होती. दुसऱ्या दिवशी मी तिला डॉक्टरकडे नेलं. त्यांनी नाकात बत्ती घालून पाहिलं, कसल्या कसल्या बाटल्या हुंगायला दिल्या आणि म्हणाले, नस दुखावली आहे, येईल किंवा नाही येणार. परतताना आई रिक्षात म्हणाली, "कामावर बोलू नकोस."

"आई, त्या दिव्यांचं–"

"मोठा रांजण टाकीत आहे. तेवढा निघू दे. मग सांगते मीच." उतरताना म्हणाली, "तिथे मग काय करू मी? परत फरशी पुसू?"

तो रांजण मी पाहिला होता. माणसाच्या कमरेएवढा, दोन कानांचा, त्या बंदरात सापडलेला अख्खा असा एकच. गळ्याच्या आत कुंभाराच्या बोटांचे वळ होते. आई पाणी बदलताना त्यात आपली बोटं टेकवायची आणि म्हणायची, माझ्यापेक्षा बारीक बोटं, बाईच असणार. तो गेला असता तर दुसरा नव्हता. आणि तो निघायचा होता आईच्या एका शब्दावर.

निघायच्या दिवशी मीही गेले. बाळाला रांजण दाखवते म्हटलं.  आई रस्ताभर बाळाचं टोपडं सारखं करत राहिली.

टाक्यांची खोली गार आणि उजेडाची होती. नळाखाली रबरी नळी वेटोळं करून ठेवलेली. रांजणासाठी टेबलावर जाड स्पंज अंथरला होता. उचलायला दोघे जण हातमोजे घालून उभे. मॅडम माझ्या बाळाशी दोन शब्द बोलल्या आणि म्हणाल्या की यंत्र अजून आलं नाही, पण आपल्याकडे अळणीताई आहेत. मोठे साहेबही आले होते. ते हात मागे बांधून म्हणाले, "चला, निकाल लावा."

आईने बाही वर केली. बोट बुडवलं. जिभेला लावलं. डोळे मिटले. नेहमीसारखंच सगळं. मी बाळाला घट्ट धरलं होतं. ती काय म्हणणार ते मला ठाऊक होतं आणि त्यावर मी काय म्हणेन ते ठाऊक नव्हतं.

ती डोळे मिटून उभी राहिली. हातमोजेवाल्यांपैकी एकाने पाय बदलला. टाकीवर नळाचा थेंब पडत होता.

मग तिने डोळे उघडले आणि माझ्याकडे पाहिलं. "तू ये. चाख."

मी बाळाला मॅडमकडे दिलं आणि बोट बुडवलं. पाणी साधंच लागलं. मग मागाहून जिभेच्या कडेला काहीतरी आलं, रडून झोपलेल्या पोराच्या गालाला ओठ लावल्यावर येतं तेवढं.

"सांग."

"किंचित," मी म्हटलं.

आईने बाही खाली केली. "मॅडम, मला कळत नाही आता. थंडीपासून. ते दिवे माझ्यामुळे गेले, माती कच्ची नव्हती."

 साहेबांनी मागचे हात सोडले, परत बांधले. मॅडम बाळाला कडेवर घेऊन तशाच उभ्या होत्या, बाळ त्यांच्या गळ्यातल्या ओळखपत्राची दोरी चोखत होतं. मग त्या म्हणाल्या, "पाणी बदला." आणि आईने सवयीने नळीला हात घातला. तो तिला कुणी काढायला सांगितला नाही. तेवढ्यापुरतं ते पाणी तिनेच बदललं.

यंत्र आलं. रांजण आणखी बऱ्याच पाण्यांनंतर निघाला, अख्खा. वाळल्यावरही अंगावर एक कण आला नाही. तोवर बाळ धरून धरून चालू लागलं होतं. आईला साहेबांनी वरच्या दालनात बसवलं, लोकांनी वस्तूंना हात लावू नये म्हणून. खुर्ची आहे, पंखा आहे. पगार तोच. तिने तक्रार केली नाही, मलाही रडू आलं नाही. आम्ही दोघी त्या दिवसांत खूप कपड्यांच्या घड्या घातल्या.

लोक तिला पहिले काही दिवस अळणीताईच म्हणत. मग एकदा मी डोळ्यांनी पाहिलं, जिन्यावर एक जण 'अ' म्हणून थांबला आणि नुसतं "ताई" म्हणाला. नंतर सगळेच ताई म्हणू लागले. कुणी ठरवून केलं नसेल.

नवऱ्याला घर मिळालं. मी इकडे आले. आई येत नाही म्हणाली, दालन कोण बघणार. मी रोज फोन करते. जेवलीस का विचारलं की जेवले म्हणते. आवाजावरून मला काही कळत नाही. मागच्या भेटीत तिची बांगडी कोपरापर्यंत वर सरकत होती. भूक लागत नाही असं नाही, म्हणाली, पण जेवायला बसलं की कशासाठी बसलो ते आठवत नाही.

तुमचं कधी त्या बाजूला जाणं झालं, समुद्रातल्या वस्तू ठेवलेलं ते संग्रहालय बघायला गेलात, तर वरच्या दालनात दाराजवळ एक बाई बसलेली असेल. रांजण बघून झाला की तिला विचारा, जेवलात का. ती हो म्हणेल. तेवढ्यावर निघू नका. डबा उघडायला लावा, आणि ती दोन घास खाईपर्यंत जरा तिथे थांबा.