कप्तानाचं दुसरं पुस्तक

कुडव्याच्या आमच्या वाचनालयात मी अकरा वर्षं ग्रंथपाल आहे, आणि लोकांना वाटतं मी इथे पंख्याखाली बसून पेपर वाचते. वाटू दे. कोणतं पुस्तक कोणासाठी आणायचं यावरून मी समितीशी दरवर्षी भांडते. यंदा ज्या एका पुस्तकासाठी सगळ्यात जास्त भांडले, नेमकं तेच अंगाशी आलं.

ते हवं होतं कामठ्याच्या गीताबाईंना. त्यांचा मुलगा वीरेंद्र मालवाहू जहाजावर कामाला होता. सव्वा वर्षापूर्वी तो भर समुद्रात जहाजावरून पडला. जहाजानं शोधलं म्हणे, पण तो सापडला नाही. कंपनीच्या माणसानं फोनवर 'लापता' असं सांगितलं आणि त्या एका शब्दावर गीताबाई तग धरून आहेत. लापता म्हणजे मेलेला नाही. त्यांनी तेरावं करू दिलं नाही. घर सोडून त्या कुठे जात नाहीत, कारण मोबाइलला त्यांच्या अंगणात रेंज असते आणि रस्त्यात जाते.

वीरेंद्रच्या पेटीत त्यांना आमच्या वाचनालयाचं एक पुस्तक सापडलं. शाळेत असताना त्यानं नेलेलं, नऊ वर्षं परत न केलेलं. कप्तान वाल्डर या जगप्रसिद्ध समुद्रसंशोधकाचं जुनं मराठी चरित्र. काचेची खिडकी असलेल्या, तांब्याच्या घंटेसारख्या कोठडीत बसून हा कप्तान समुद्राच्या तळाशी जायचा, नकाशे काढायचा. गावच्या तलावापलीकडे पाणी न बघितलेल्या पोरानं जहाजाचं खूळ डोक्यात घेतलं ते यातूनच.

गीताबाईंचे वडील दरेकसा स्टेशनवर गँगमन होते. त्यांनी मुलीला सातवीपर्यंत शिकवलं होतं. गीताबाईंनी पुस्तक वाचून काढलं आणि एका पानावर अडकल्या. पाउल नावाचा खलाशी वादळात समुद्रात पडतो. कप्तान जहाज मागे फिरवतो, तीन दिवस तीन रात्री शोधतो, आणि चौथ्या दिवशी सकाळी पाउल एका रिकाम्या पिंपाला धरून तरंगताना सापडतो, जिवंत. पुस्तक परत करायच्या ऐवजी गीताबाईंनी नवऱ्याच्या हाती चिठ्ठी पाठवली: हे राहू द्यावं, आणि या कप्तानावर आणखी काही असेल तर मागवावं.

नवरा म्हणजे दुधरामभाऊ. नाव दुधराम, विकतो भाजी. शेतावरची वांगी-टमाटर गाडीवर बांधून कुडव्याला येतो. स्वतः शाळेची पायरी चढलेला नाही.

कप्तानावरचं नवं पुस्तक निघालं होतं. ते आलं तसा मी लगेच गीताबाईंना फोन केला. स्वतः वाचायच्या आधी. ही माझी घाई.

संध्याकाळी घरी नेऊन वाचायला बसले. लिहिणारी बाई कप्तानाच्या जहाजाचे सगळे कागद धुंडाळून आली होती, आणि प्रत्येक वाक्याला पुरावा देत होती. मासे मोजायचे म्हणून कप्तान प्रवाळात सुरुंग लावायचा आणि मेलेले मासे गोळा करायचा. बेटावरचे जे पाणबुडे त्याच्यासाठी खोल उतरले, त्यांची नावंसुद्धा त्यानं कुठे लिहिली नाहीत. खरं सांगते, मी मजेत वाचत होते. मोठ्या माणसांची अशी झाडाझडती मला आवडते. मग सातवं प्रकरण आलं. जहाजाच्या रोजच्या नोंदवहीत पाउलच्या शोधाची नोंद दीड तासाची होती. दीड तासानं जहाज पुढच्या मार्गाला लागलं. पाउल कधीच सापडला नाही. पिंपाची गोष्ट कप्तानानं सहा वर्षांनी एका व्याख्यानात पहिल्यांदा सांगितली, आणि टाळ्या पडल्या म्हणून पुढे सांगतच राहिला.

दुसऱ्या दिवशी दुधरामभाऊ हजर.

"पुस्तक आला म्हणते बाई. नेऊन राहिलो. पण पयले पाउलचा पान वाचून दाखवा."

"काऊन? गीताबाई वाचतीलच की."

"ती वाचते अन् रडते. मले समजत नाही का वाचून राहिली ते. या टायमाले मले आधी मालूम पायजे."

पुस्तक टेबलावरच होतं, वर कप्तानाचा फोटो. आलंच नाही म्हणायची सोय नव्हती. मी सातवं प्रकरण उघडलं, नजर ओळींवर ठेवली आणि जुन्या पुस्तकातली गोष्ट सांगत सुटले. वादळ सांगितलं, तीन रात्री सांगितल्या. पिंपाला चिकटलेल्या पाउलला वर ओढताना खलाशी कसे रडले तेही सांगितलं, जे कोणत्याच पुस्तकात नाही. माझंच मला बरं वाटायला लागलं होतं.

दुधरामभाऊ माझ्या तोंडाकडे बघत नव्हते, हाताकडे बघत होते.

"मॅडम," ते म्हणाले, "तुमी एवढा वाचला, पण पान नाही पलटवला."

माझं बोट अजून पहिल्याच ओळीवर होतं.

"मले वाचता नाही येत. पण ती रोज वाचते, मी रोज पायतो. एवढ्यात तीन-चार पानं पलटवते ती." त्यांनी खुर्ची पुढे ओढली. "आता जसा लिवला आहे तसा वाचा."

मी वाचलं. 'दीड तास' या शब्दांशी थांबले, त्यांनी मान हलवून पुढे वाचायला सांगितलं.

"वीरेंद्रच्या जहाजानं किती टाइम शोधला," ते म्हणाले, "ते आमाले कोणीच नाही सांगितला. मी इचारला बी नाही. इचारा लागते हेच नाही सुचला."

मला कप्तानाचा राग आला, कंपनीचा आला, आणि त्या पुराव्यानिशी लिहिणाऱ्या बाईचाही आला, जिची काही चूक नव्हती. मी म्हटलं, "पुस्तक कपाटात कुलूप लावून ठेवते. गीताबाईंना सांगते, चुकीचं पुस्तक आलं, परत पाठवलं."

"तुमच्यानं खोटा बोलणं होत नाही. आताच पायला मी." हे त्यांनी चिडून म्हटलं नाही. "ती फोनवर दोन सवाल इचारल, का तुमी सांगून टाकाल. अन् तिच्याजवळ तेवढाच आहे, मॅडम. दुसरा काही नाही."

मग त्यांनी स्वतःच रस्ता काढला. सभासद व्हायचं म्हणाले. मी फॉर्म भरला, त्यांनी सही केली. सही तेवढी येते. दुधरामभाऊंनी आयुष्यात पहिल्यांदा पुस्तक नेलं, आणि गाडीच्या डिक्कीत वजनकाट्याखाली ठेवलं. आता मला खरंच सांगता येणार होतं की पुस्तक एका वाचकाकडे गेलंय.

गीताबाईंचा फोन आला, मी तेच सांगितलं. "वाचू द्या, वाचू द्या," त्या म्हणाल्या. "पंधरा दिवसच ना."

पंधरा दिवसांनी दुधरामभाऊ पुस्तक घेऊन आले, मी पुढची तारीख मारून दिली. नियमानं मुदत दोनदाच वाढते. मी सहाव्यांदा वाढवली तेव्हा समितीला जे काय वाटायचं ते वाटो असं ठरवूनच टाकलं होतं.

काल ते सातव्यांदा आले. पुस्तकासोबत घडी केलेली एक चिठ्ठी होती.

"तिनं देल्लन तुमाले. का लिवलन, वाचा."

मी मनातल्या मनात वाचायला लागले तर म्हणाले, "मोठ्यानं."

"'रीता मॅडम, नमस्कार,'" मी वाचलं. "'कप्तानाचं पुस्तक ज्यांच्याकडे आहे त्यांना माझा निरोप द्यावा. पुस्तक सावकाश वाचा म्हणावं, मला घाई नाही. फक्त पाउलच्या पानाची एक झेरॉक्स पाठवा. पहिल्या पुस्तकात लिहिलं आहे ते यातही तसंच असेल तर मी निश्चिंत होईन. आमचे हे रोज म्हणतात, येईल तो. पण ते म्हणताना आजकाल माझ्याकडे बघत नाहीत.'"

दुधरामभाऊंनी चिठ्ठी माझ्या हातातून घेतली, घडीवर घडी घालून शर्टाच्या खिशात ठेवली. मग पुस्तक टेबलावर माझ्याकडे सरकवलं.

"मारा सिक्का, मॅडम," ते म्हणाले.

मी पुढच्या पंधरा दिवसांची तारीख मारली.