तिघींना एकाच दिवशी न्यूमोनिया

झाबोझेत्स गावच्या टाउन हॉलच्या कमानीखाली खुर्च्या मांडल्या होत्या. नगराध्यक्ष झेनोन कुलिक माईकवर रंगात आला होता. महायुद्धात जर्मनांनी जाळलेली ही जुनी इमारत आपल्या वडिलांनी, इंजिनिअर कुलिकांनी, पन्नास वर्षांपूर्वी पुन्हा कशी उभी केली ते तो सांगत होता. "आणि तीसुद्धा," तो म्हणाला, "एकाही माणसाला खरचटू न देता!"

पुढच्या रांगेतली म्हातारी लिओकादिया ताडकन उठली. "खोटं बोलतोस, झेनोन."

"मावशी, बसा ना. नंतर बोलू."

"नंतर? अरे, जन्म गेला माझा तुमच्या 'नंतर'मध्ये! माझी आई मेलीय या कमानीखाली. तिच्यामागे घमेलं घेऊन मीच उभी होते!"

तेव्हा ती सोळा वर्षांची होती. गावातल्या बायका ढिगाऱ्यातून विटा वेचायच्या, तासून साफ करायच्या आणि परांचीवर चढवायच्या. थंडी एवढी, की चुना घट्ट धरतच नव्हता. म्हातारा गवंडी बजावत होता, कमानीला टेकू दिलेले लाकडी धिरे उन्हाळ्यापर्यंत काढू नका. पण मे महिन्यातल्या संचलनाला राजधानीतून मंत्री येणार होते. कुलिकांनी धिरे काढायला लावले. कमान कोसळली ती तिघींना घेऊनच. लिओकादियाची आई अपोलोनिया, पाववाल्याची विधवा पेलागिया, आणि ईस्टरनंतर लग्न ठरलेली झीता.

शवपेट्या खिळे ठोकूनच घरी आल्या. न्यूमोनियाने गेल्या असंच सांगायचं, असा वरून हुकूम होता. तिघी, एकाच दिवशी! जो तोंड उघडेल त्याची नोकरी जाईल. लिओकादियाच्या बापाने तोंड मिटलं ते मरेपर्यंत. कुलिकांपेक्षाही तिचा जास्त राग बापावर होता. तो गेला तेव्हा तिच्या डोळ्यांतून टिपूस आलं नाही.

कार्यक्रम कसाबसा उरकून झेनोनने तिला व्हरांड्यात गाठलं. "मावशी, बाबांवर वरून दबाव होता हो. मेलेल्या माणसाची अब्रू कशाला काढायची?"

"माझी आई काय जिवंत आहे? तिला नाही का अब्रू?"

"बरं, एक पाटी लावू. 'कष्टकरी महिलांस.' मागच्या अंगणात."

"कचऱ्याचे डबे ठेवता तिथे?"



रविवारी लोक चर्चमधून बाहेर पडत होते, तेव्हा लिओकादिया लाल ऑइलपेंटचा डबा घेऊन चौकात आली. झीताच्या धाकट्या भावाने, फेलिक्सने, शिडी लावली. ती चढली आणि हातभर अक्षरांत कमानीवर नावं लिहू लागली.

पोलीस धावत आला. "आजी, आधी खाली उतरा!"

"बोंबलतोस काय? शिडी हलतेय, धर."

त्याने धरली. लोक हसले, पण तिला हसू आलं नाही.

सोमवारी पालिकेने नावं धुऊन काढली. मंगळवारी तिने पुन्हा लिहिली. पुन्हा धुतली, पुन्हा लिहिली. दंड झाला, तो भरणार नाही, तुरुंगात टाका, असं तिने कोर्टात तोंडावर सांगितलं. हळूहळू शिडी धरायला बायका येऊ लागल्या. त्यांतली एक पेलागियाची नात होती. आपली आजी कशी गेली हे तिला घरात कुणीच सांगितलं नव्हतं. ऐकल्यावर ती झेनोनच्या कचेरीत घुसली आणि बाहेर चौकापर्यंत ऐकू जाईल असं बोलून आली.

शेवटी पालिका नमली. शरद ऋतूत कमानीच्या दगडात तिघींची नावं कोरली गेली, पुढच्या बाजूला. झेनोनने फुलं ठेवली आणि हळूच म्हणाला, "आता तरी राग गेला ना, मावशी?"

लिओकादियाने दगडावरून बोट फिरवलं. नावं होती. खाली साल होतं. बाकी काही नव्हतं.

"कुणी मारलं ते कुठे लिहिलंय?"

"मावशी, ते कसं लिहिणार..."

"मग विचारतोस काय?" ती म्हणाली, आणि त्याची फुलं तिने उचलून त्याच्याच हातात परत दिली.