वेल्डरबाबांचा तिखट टोप

मित्रांनो, मी एक जुना, जाड बुडाचा स्टीलचा टोप आहे. एका खानावळीत माझा कान तुटला आणि मी भंगारात गेलो. तिथून एका वेल्डरने मला घरी आणले आणि दुसरा कान जोडून दिला. तो कान जरा वाकडा बसला आहे, पण आजवर कधी हलला नाही. गल्लीत सगळे त्यांना वेल्डरबाबा म्हणत.

टोमॅटो स्वस्त झाले की वेल्डरबाबा माझ्यात बार्बेक्यू सॉस करत. टोमॅटो, कांदा, लसूण, साखर, व्हिनेगर आणि मूठभर लाल मिरच्या मंद आचेवर तासन्‌तास रटरटत. शेजारी शिंकत आणि आपापली भांडी घेऊन दारात येत. उरलेला सॉस बाबा काचेच्या बरण्यांत भरत. मग मला घासून, तळाशी फडके घालून, त्या बरण्या माझ्यातच पाण्यात उकळत. बाहेर काढलेल्या बरण्या निवू लागल्या की झाकणे एकेक करून 'टक्' वाजत आत बसत. तो आवाज ऐकायला बाबा खुर्ची टाकून बसत. ढवळायला मात्र ते कुणालाही देत नसत.

मग एका तापानंतर त्यांना वास येईनासा झाला आणि चवही गेली. त्यांनी हे कुणाला सांगितले नाही. नेहमीप्रमाणे सॉस करायला घेतला. माझ्या बुडाशी तो करपू लागला. मला ते कळत होते, पण टोपाला कुठे बोलता येते? शेजाऱ्यांनी चाखून "झकास" म्हटले आणि घाईघाईने घर गाठले. खरे बोलली ती फक्त बाबांची सून.

"बाबा, सॉस करपलाय. आणि मीठ दोनदा पडलंय."

"तुला तिखट सोसत नाही. तुला काय कळणार?" बाबा म्हणाले. रात्रीचे जेवण न जेवताच ते उठले. दुसऱ्या दिवशी त्यांनी माझ्यात नटबोल्ट भरले आणि मला माळ्यावर ठेवून दिले.

तिथे मी गंजलेल्या खिळ्यांच्या संगतीत पडून होतो. खाली बाबा जेवायचे म्हणून जेवत. ताटात काय आहे हे विचारायचेही त्यांनी सोडले होते. सून दवाखान्यात परिचारिका होती. त्यांचे दुखणे तिने कधीच ओळखले होते, पण चारचौघांत ती त्याबद्दल बोलली नाही. एका सुट्टीच्या दिवशी तिने स्टूल लावून मला खाली काढले, नटबोल्ट डब्यात ओतले आणि मला लख्ख घासले. ओट्यावर टोमॅटोची पाटी ठेवली.

"बाबा, तुम्ही करा. चव मी बघते."

बाबा बराच वेळ माझ्या वाकड्या कानावरून हात फिरवत राहिले. मग म्हणाले, "मला बरं वाटावं म्हणून खोटं बोलशील."

"मागच्या वेळी बोलले होते का?"

बाबांना हसू आले. त्यांनी मिरच्या निवडायला घेतल्या.

त्या दिवशी पळी दोघांच्या हातात होती. सून चाखायची, नाक ओढायची, घटाघट पाणी प्यायची आणि सांगायची, "आंबट कमी आहे. आता गोड जास्त झालं. बुडाशी लागतंय, ढवळा." बाबा मुकाट्याने ऐकत होते. आयुष्यात पहिल्यांदाच ऐकत असतील.

संध्याकाळी बरण्या निवल्या. एक सोडून सगळ्यांची झाकणे वाजली. न वाजलेली बरणी साठवून चालत नाही, म्हणून सुनेने ती तेव्हाच उघडली. भाजलेल्या बटाट्यावर सॉस घालून तिने बशी बाबांपुढे सरकवली.

त्यांनी एक घास घेतला. दुसरा घेतला. मग त्यांचे कान लाल झाले, कपाळावर घाम आला आणि डोळ्यांतून पाणी वाहू लागले. सून पाण्याचा पेला घेऊन धावली. बाबांनी तो हातानेच बाजूला केला.

"चव नाही कळत गं," ते म्हणाले, "पण झोंबतंय. चांगलं झोंबतंय."

आणि त्यांनी बशी पुन्हा पुढे केली.

मित्रांनो, घरातले कुणी आपले आवडते काम सोडून गप्प बसले असेल, तर त्यांचे भांडे माळ्यावर टाकू नका. ते घासून त्यांच्यापुढे ठेवा आणि शेजारी उभे राहा. आणि चव विचारली, तर खरी सांगा.