झाडावरून पडणाऱ्यांचा दवाखाना

मी टी चौदा पॉइंट नऊ बोलतोय. ओळख पटली नाही ना? कुणालाच पटत नाही. माझा अर्थ एवढाच, की इजा झालेली आहे. कुठे, कशी, कशानं, ते सांगितलेलं नाही.

जगातल्या प्रत्येक दुखण्याला एकेक आकडा द्यायचा, असं शहाण्या माणसांनी ठरवलं. मोडलेल्या मांडीला एक मिळाला, साप चावलेल्याला एक मिळाला, आणि जे कुठेच बसेना त्याच्यासाठी शेवटी मला ठेवलं. पाहुणे जास्त झाले की पडवीत सतरंजी टाकतात, तसा मी. अडीअडचणीला वापरायचा. पण पश्चिम केनियातल्या या उसाच्या मुलखात, इथल्या सरकारी दवाखान्यात आलो आणि पाठ टेकायला फुरसत मिळाली नाही.

नोंदणीच्या खिडकीत नेलिमा बसते. डॉक्टरांचं लिहिलेलं वाचायचं, रुग्णाला दोन प्रश्न विचारायचे आणि संगणकात आकडा घालायचा, हे तिचं काम. बाई जिभेनं तिखट आणि मनानं मऊ. त्या मऊपणापायी माझे हाल झाले.

त्याचं असं आहे. इथली तरणी पोरं बोडा चालवतात, म्हणजे भाड्याची मोटारसायकल. परवाना बहुतेकांकडे नसतो. कारखान्याकडे जाणाऱ्या उसाच्या ट्रॉल्यांना मागे दिवा नसतो. तिन्हीसांजेला पोरं त्यांच्यावर जाऊन आदळतात. खरं सांगावं तर पोलीस येणार, गाडी ठाण्यात जाणार, आणि तिथे गेलेली गाडी सहसा गंजूनच बाहेर येते. म्हणून सगळे एकच सांगतात, अव्होकाडोच्या झाडावरून पडलो.

"झाडावरून पडलास, तर गुडघ्यात डांबराची खडी कुठून आली रे?" नेलिमा विचारायची. पोरगा हातानं गुडघा झाकायचा. झाड लिहिणं तिला खोटं वाटे, आणि ट्रॉली लिहावी तर त्याची चूल विझे. नेमकी इजा लिहिली की संगणक कारणही मागतो, माझ्यापुढे मागत नाही. मग सुस्कारा टाकून ती मला बोलवायची. मोडलेले हात, फुटलेले गुडघे, निखळलेले खांदे, सगळे माझ्या एकट्याच्या अंगावर. मी दमलो हो.

हे आकडे वरच्या कचेरीत जातात. तिथल्या साहेबांनी पाहिलं, की इथे रस्त्यावरचे अपघात जवळजवळ नाहीत आणि हाडं मोडलेली माणसं नावापुरती. मग हाडांचा डॉक्टर इथे कशाला? त्याला दुसरीकडे हलवलं. साहेबांना जे दिसलं त्यावर त्यांनी ठरवलं, त्यांना तरी काय बोल लावणार? नेलिमाला वाईट वाटलं, पण दुसरा येईल अशी तिनं मनाची समजूत घातली.

दुसरा कुणी आला नाही. आला तो कुंदू, नेलिमाचा धाकटा भाऊ, तोही बोडावालाच. मित्रांनी त्याला उचलून आणलं होतं. मांडी मोडून हाड बाहेर आलं होतं आणि पाऊल गार पडत चाललं होतं.

"ताई, झाड लिही," तो तिचा हात धरून म्हणाला. "गाडी गेली तर खाऊ काय?"

"गप रे. आधी पाय बघू दे."

"पाय जुळेल गं. गाडी नाही सुटायची."

पाय जुळवणारा माणूस दवाखान्यात नव्हता. शहरात न्यायचं, तर रुग्णवाहिका एका अडलेल्या बाळंतिणीला घेऊन गेलेली. ती परत येऊन कुंदूला शहरात पोचवेपर्यंत फार उशीर झाला. तिथल्या डॉक्टरांनी पाय मांडीतून कापला.

जखम बांधून घ्यायला तो आमच्या दवाखान्यात आला, तेव्हा नेलिमा संगणकासमोर बसली. कापलेल्या पायाला अगदी नेमका आकडा आहे. एक की दोन्ही, गुडघ्याच्या वर की खाली, सगळं त्यात येतं. तिथे माझी गरजच उरली नाही. पाय होता तोवर त्याची गणती माझ्यात झाली असती, आणि गेल्यावर त्याला स्वतःचं नाव मिळालं. मला रडता येत असतं तर रडलो असतो.

"आता कारणाच्या रकान्यात तरी झाड लिही," कुंदू म्हणाला.

"आजवर मी कुणाचं काहीच लिहिलं नाही, कुंदू. त्यात तुझा पाय गेला."

तिनं उसाची ट्रॉली लिहिली. पोलीस आले, गाडी गेली. कुंदूनं बहिणीशी बोलणं टाकलं. तिनं पाठवलेली उगाली, मक्याच्या पिठाचा घट्ट शिजवलेला गोळा, तशीच परत यायची. बोडावाल्या पोरांनीही तिची खिडकी टाळली. हाडं मोडली की ही पोरं गावातल्या वैदूकडे जाऊ लागली आणि वाकडे हात घेऊन हिंडू लागली. मला विश्रांती हवी होती, पण अशी नव्हे.

परवा कुंदू कुबड्या टेकत आला. बरोबर गळ्याजवळचं हाड मोडलेला एक तरुण बोडावाला होता. तो झाडाचं सांगू लागला, तसं कुंदूनं त्याला थांबवलं.

"माझ्याकडे बघ," तो म्हणाला, "आणि मग काय झालं ते सांग हिला."

पोरानं कुंदूच्या कुबड्यांकडे पाहिलं. मग म्हणाला, "ट्रॉली. दिवा नव्हता."

नेलिमानं ते लिहिलं. बहीणभाऊ एकमेकांशी बोलले नाहीत, पण कुंदू पोराचं होईपर्यंत बाकावर बसून राहिला.

हाडांचा डॉक्टर अजून आलेला नाही. येईल तेव्हा येईल. तोवर माझं एवढंच मागणं आहे, तुम्हाला काय झालं ते सांगा. इतकेजण माझ्यात येऊन गेलात, पण मला तुमच्यापैकी एकाचंही तोंड आठवत नाही.