बासष्ट पॉइंट चार

"तीन भरून, अन् चौथ्यात जरासं," पोळी उलटत इंदुताई म्हणाल्या. "असे चार गिलास झाले."

"गिलास म्हणू नको. मोजपात्र म्हणतात त्याला." मुकुंदराव आरशासमोर कोटाचं बटण लावत होते.

"मी कशाला म्हणू? बोलणार तर तुम्ही."

"हौ. वीस त्रिक साठ, वर दोन पॉइंट चार. बासष्ट पॉइंट चार मिलिमीटर!" त्यांनी आरशातल्या माणसाला सुनावलं. "विचारू देत काय विचारायचं ते."

चिक्कडपल्लीतल्या शाळेच्या आवारात, तारेच्या कुंपणात सरकारी पर्जन्यमापक आहे. वर नरसाळं, खाली बाटली, आणि बाटलीतलं पाणी मोजायला रेघारेघांचा, वीस मिलिमीटरचा काचेचा गिलास. रोज सकाळी साडेआठला पाणी मोजायचं आणि वहीत मांडायचं. कामाला पगार नाही, पण मान आहे. मुकुंदराव कंधारकरांच्या नावाचं प्रशस्तिपत्र बैठकीत लावलेलं आहे. कॉलेजातल्या तीस वर्षांच्या कारकुनीनं जे दिलं नाही ते या नरसाळ्यानं दिलं. गल्लीत लोक त्यांना 'पाऊसवाले साहेब' म्हणू लागले.

आता तपशिलात शिरायचं तर, गुडघे धरल्यापासून गेली अकरा वर्षं साहेबांचा पहिला चहा होईतो पाणी मोजून झालेलं असे. इंदुताई आकडा कॅलेंडरच्या चौकोनात, दुधाच्या खाड्यांशेजारी लिहीत. नऊ वाजता मुकुंदराव तो वहीत उतरवत आणि खाली सही ठोकत. उतरवताना एकही आकडा कधी चुकला नाही, एवढं त्यांच्या बाजूनं मांडायलाच हवं.

ऑक्टोबरातल्या एका पहाटे शाळेमागच्या नव्या इमारतीची कुंपणभिंत वॉचमनच्या खोलीवर पडली. वॉचमन गेला. त्याची बायको भाग्यलक्ष्मी नळावर पाण्याला गेली होती म्हणून वाचली. बिल्डरचं म्हणणं, त्या रात्री दीडशे मिलिमीटरच्या वर पाऊस झाला, तेवढा कुठलीच भिंत सोसत नाही. तेव्हा दोष आभाळाचा. भिंतीपासून दोनशे पावलांवरची वही मात्र म्हणत होती, बासष्ट पॉइंट चार. म्हणजे दोष भिंतीचा. भाग्यलक्ष्मीच्या हातात त्या आकड्याशिवाय दुसरं काही नव्हतं.

चौकशी आबिड्सच्या एका कचेरीत होती. इंदुताई सोबत गेल्या त्या डबा आणि गोळ्या घेऊन. चौकशी अधिकारी एक मॅडम होत्या, कमी बोलणाऱ्या. बोलणं सगळं हिंदीतून चाललं. बिल्डरच्या तज्ज्ञ साहेबांनी पडद्यावर रंगीत नकाशे दाखवले. त्यांचं आपोआप चालणारं यंत्र नऊ किलोमीटरवर होतं. तिथल्या आकड्यावरून चिक्कडपल्लीत काय पडलं असेल ते त्यांनी गणितानं काढलं होतं. एकशे अठ्ठावन्न.

मग मुकुंदराव. दहा मिनिटं ते झकास बोलले. वीस त्रिक साठ झालं, मोजपात्र दोनदा झालं. तेवढ्यात बिल्डरचे वकील कुलदीप उठले. तरुण माणूस, आवाज मधासारखा.

"अंकल, तुमच्या यंत्राशेजारी कडुलिंबाचं झाड आहे. नरसाळ्यात पानं अडकली तर पाणी बाटलीत उतरत नाही, बाहेर सांडतं. हौ ना?"

"तसं होऊ शकतं."

"त्या रात्री अडकली होती?"

"नव्हती."

"आपण स्वतः पाहिलं? शपथेवर आहात, अंकल."

मुकुंदरावांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. एक 'हो' म्हटलं असतं तर निभून गेलं असतं. पण इंदुताईंना नवरा माहीत होता. खोटा आकडा या माणसाच्या हातून कधी लिहून झाला नाही, आणि खरं सांगायची छाती अकरा वर्षांत झाली नाही. आता तो दोन्हींच्या मधे अडकला होता. पलीकडच्या बाकावर भाग्यलक्ष्मीनं पदराचं टोक मुठीत धरलं होतं.

इंदुताई उभ्या राहिल्या.

"नव्हती पानं. आदल्या संध्याकाळी मीच साफ केलं होतं. सकाळी पुन्हा बघितलं. अन् पाणीबी मीच मोजलं."

मॅडमनी त्यांना पुढं बोलावून शपथ दिली. कुलदीप असे खुलले, जसं काही घरबसल्या मेजवानीचं ताट आलं.

"मग वहीत सही कुणाची, अम्मा?"

"यांची. आकडा माझा. अकरा वर्षं झाली."

"पढाई किती?"

"आठवी. परभणीला."

"इकडं डॉक्टरेटवाले बसलेत, अन् तुम्ही आठवी!" त्यांनी समोरच्या चहाच्या रिकाम्या गिलासात बाटलीतलं पाणी ओतलं. "सांगा बरं, किती मिलिमीटर?"

इंदुताईंनी गिलास टेबलाच्या कडेला घेतला, सवयीनं खाली वाकून डोळा पाण्याच्या पातळीला आणला, आणि सरळ झाल्या.

"सांगता येत नाही."

"नाही येत?"

"याला रेघा नाहीत. अन् हे पाणी कुठल्या नरसाळ्यातून आलं तेही माहीत नाही. याचा आकडा कुणालाच येणार नाही बाबा. तुमच्या साहेबांना विचारून बघा."

तज्ज्ञ साहेबांनी नकळत मान डोलावली. माणूस वाईट नव्हता, फक्त नऊ किलोमीटर लांब होता.

मॅडमनी पहिल्यांदाच पेन खाली ठेवलं. "तुमच्या आकड्यात चूक किती असू शकेल?"

"एखादी रेघ, इकडं नाहीतर तिकडं. बासष्टाचे एकशे अठ्ठावन्न व्हावेत एवढी नाही."

आकडा दप्तरी घेतला गेला, इंदुताईंच्या नावानं. कुलदीपनी हरकत घेतली. तीही घेतली गेली. भाग्यलक्ष्मीनं मूठ सोडली.

जबाब इंग्रजीत टाइप होऊन आला. "समजून घ्या, मगच सही करा," मॅडम म्हणाल्या. इंग्रजीचं मराठी करून सांगणारा माणूस खोलीत एकच होता, आणि तो मघापासून भिंतीकडे तोंड करून बसला होता. इंदुताई कागद घेऊन त्याच्याजवळ जाऊन बसल्या.

"वाचा."

मुकुंदराव एकेक ओळ मराठीत सांगू लागले. नाव, वय, आठवी, नरसाळं, पानं. दुसऱ्या पानावर ते अडले. ती ओळ गाळून पुढं जाता आलं असतं. इंदुताईंना काय कळणार होतं?

मुकुंदरावांनी ओळीखाली बोट धरलं आणि वाचलं.

"माझे पती मुकुंदराव हे सरकारी यादीतले निरीक्षक आहेत. गेल्या अकरा वर्षांत त्यांनी एकदाही स्वतः मोजमाप केलेलं नाही."

"केलंय की," इंदुताई म्हणाल्या. "भावाच्या राणीच्या लग्नाला मी परभणीला गेल्ते तव्हा. चार दिवस."

मुकुंदराव गुडघ्यांवर हात रोवून उठले आणि कागद घेऊन कारकुनाच्या टेबलाशी गेले.

"यात दुरुस्ती आहे. चार दिवस सोडून."

"राहू द्या ना सार," कारकून म्हणाला. "चार दिवसांनी काय फरक पडायलाय?"

"पडतो," मुकुंदराव म्हणाले, आणि दुसरा कागद टाइप होऊन येईपर्यंत तिथंच उभे राहिले.