येराबनचा गोलखांब

मित्रांनो, मैदानाच्या नदीकडच्या टोकाला दोन उंच खांब दिसतात ना, त्यांतला डावीकडचा, जरासा कललेला आणि रंगाचे पोपडे सुटलेला खांब म्हणजे मी. मला बोलता येतं असं कोणाला वाटत नाही. वाटलं असतं तर ही गोष्ट मी कधीच सांगून मोकळा झालो असतो.

मी मूळचा सायप्रस जातीचं सरळसोट झाड. येराबन गावच्या खेळाडूंनी मला नदीकाठी तोडलं, लॉरीमागे बांधून फरफटत आणलं, सोलून पांढरा रंग फासला आणि इथे पुरलं. शेजारी माझ्यासारखाच दुसरा उभा केला आणि मध्ये आडवं लाकूड ठोकून आमची लग्नगाठ बांधली. तेव्हापासून आम्ही एकमेकांकडे बघत उभे आहोत. जोडीदार अबोल आहे, त्यामुळे संसार बरा चाललाय.

दर हिवाळ्यात शनिवारी इथे रग्बी लीग खेळली जायची. गोणपाट शिवून, त्यात ओटचा पेंढा ठासून मैदानाची देखभाल करणारा म्हातारा पर्सी ड्रू आमच्या बुंध्यांना जाड गाद्या बांधायचा. त्याला कारण होतं. चेंडू गोलरेषेपलीकडे जमिनीला टेकवला की ट्राय होतो आणि गुण मिळतात; त्या काळी तो आमच्या बुंध्याला टेकवला तरी ट्राय धरला जायचा, म्हणून खेळाडू थेट आमच्या पायांशी झेप घ्यायचे. माझ्या अंगावर डझनभर माणसं आदळली असतील, आणि पेंढ्यामुळे सगळी हसत उठली. सुतळी आवळताना पर्सी मला म्हणायचा, "बघ रे, किती नटवतो तुला. बायकोला एवढं कधी नटवलं नाही." मला बरं वाटायचं, खोटं कशाला बोलू?

मग तो दुष्काळ आला. पहिल्या वर्षी गवत गेलं, दुसऱ्या वर्षी नदीत नुसती डबकी उरली. लोक झाडांच्या फांद्या तोडून मेंढ्यांना घालायचे. फांद्याही संपल्या तेव्हा लांबच्या कुरणांतून बंदुकीचे आवाज येऊ लागले. आपल्याच मेंढ्या आपल्याच हाताने मारून आलेली माणसं शनिवारी कुंपणाशी येऊन उभी राहायची आणि कोणाशी बोलायची नाहीत.

अशा वर्षी मॅकॉर्ड कपचे सामने सुरू झाले. आसपासच्या आठ गावांची ही स्पर्धा. एकदा हरलात की घरी बसा, दुसरी संधी नाही. येराबनला तो कप मिळून एक पिढी उलटली होती. गावाकडे दुसरं काहीच उरलं नव्हतं, त्यामुळे सगळा जीव त्या कपात अडकला.

आणि कपाची सगळी आशा टेड क्विल्टीवर होती. टेड मेंढ्यांची लोकर कातरायचा. जिल्ह्यात त्याच्यासारखा उजवा हात नाही, असं लोक म्हणायचे. त्याचं घर मैदानाच्या कुंपणाला लागूनच होतं. माझ्या उंचीवरून मला त्यांचं अंगण दिसायचं, बोलणंही कानावर यायचं.

एका संध्याकाळी त्याची बायको मॅव्हिस दोरीवरचे वाळलेले कपडे काढता काढता म्हणाली, "टेड, यंदा सगळ्या जिल्ह्यात लोकर कातरायचं एकच शेड उघडतंय, सप्टेंबरात. बाकी कोणाकडे कातरायला मेंढ्याच नाहीत. तुझा तो हात गेला तर आपण खायचं काय?"

"अगं, तीनच तर मॅच. हरलो तर एकच."

"तू कधी शिकलास हरायला?"

टेड हसला. ती हसली नाही.

पहिली मॅच त्यांनी परगावी जिंकली. सेमीफायनल आमच्याच मैदानावर झाली. इतकी धूळ उडाली की खेळाडू कोण आणि पंच कोण ते कळेना. कुंपणावरून कोणी तरी ओरडलं, "टेड, पळतोयस की झाडू मारतोयस?" टेडने त्याच धुळीतून दोघांना पाठीवर घेऊन ट्राय केला. फायनल कोणाच्या मैदानावर, याची चिठ्ठी टाकली, तीही येराबनच्याच नावाची निघाली. किलगारा गावाचा संघ इथे येणार होता.

टेडची मुलगी नोरीन सात वर्षांची. आई मेलेली तीन कोकरं तिने बाटलीने दूध पाजून वाढवली होती. आता त्यांच्या मेंढ्या झाल्या होत्या आणि बरगड्या मोजता येतील इतक्या वाळल्या होत्या. फायनलच्या आठवड्यात त्यांतली एक उठेना. नोरीन तिचं डोकं मांडीवर घेऊन बसली. "बाबा, हिला काही तरी द्या ना," एवढंच ती म्हणत होती.

गुरुवारी सराव संपवून सगळे गेले. टेड मागे राहिला. तो माझ्याजवळ आला, चाकूने गादीची शिवण उसवली आणि आतला सगळा पेंढा पोत्यात भरला. जोडीदाराचीही गादी त्याने रिकामी केली. मग नदीकाठची गमच्या, म्हणजे निलगिरीच्या, झाडांची वाळकी पानं आणि साल आणून आत कोंबली आणि दाभणाने शिवण पुन्हा घातली. जाताना माझ्यावर थाप मारून म्हणाला, "रागावू नकोस, म्हाताऱ्या. शनिवारपर्यंत करतो काही तरी."

पण पेंढा आणणार कुठून? आणि मागितला असता तर कोणी विचारलं असतं, जुना कुठे गेला? टेडसारख्या माणसाला मागणं जमत नव्हतं. चोरणं त्याहून सोपं वाटलं असावं.

शनिवारी सकाळी पर्सी रंगाचा डबा घेऊन आला. फुगलेल्या गाद्या बघून खूश झाला. "वा! काय बाळसं धरलंय पोरांनी!" असं म्हणून पुढे गेला. त्याने हात लावून पाहिला नाही. एकदा मूठ दाबली असती तर पानांचा चुरा त्याला कळला असता. मला ओरडावंसं वाटत होतं. खांबाचं ओरडणं कोण ऐकतं?

मैदानाभोवती गाड्यांची रांग लागली. शेवटच्या मिनिटांत किलगारा नऊ, येराबन सात. ट्रायला तेव्हा तीन गुण मिळायचे. एक ट्राय, आणि कप आमचा. चेंडू टेडच्या हातात आला, माझ्यापासून वीस पावलांवर. समोर किलगाराच्या माणसांची भिंत, एक जण कमरेला लटकलेला, दुसरा पायाला. मोकळी जागा एकच होती, माझा बुंधा.

त्याला आठवलं असेल का? मी त्याला समोरून पाहत होतो. झेप घेण्याआधी त्याने डोळे घट्ट मिटले. आठवलं होतं, मित्रांनो.

पानं चुरली. उजवा खांदा माझ्यावर आदळला तेव्हाचा आवाज माझ्या लाकडात अजून आहे. पंचाची शिट्टी झाली, हात वर गेला. ट्राय! गाड्यांचे हॉर्न वाजू लागले, टोप्या उडाल्या. वर्षभरात न बोललेली माणसं एकमेकांच्या गळ्यात पडली. कप बियरने भरून कोणी तरी टेडच्या तोंडाशी धरला. "पी, गड्या! तुझाच आहे!"

टेड माझ्या पायाशी बसला होता. त्याचा उजवा हात नको तिथून लोंबत होता. कुंपणाखालून वाकून मॅव्हिस पळत आली.

"जिंकलो गं," टेड म्हणाला.

तिने त्या हाताकडे पाहिलं. "हो. दिसतंय."

सोमवारी पर्सी गाद्या सोडायला आला. शिवण फाटली होती, तिच्यातून पानांचा ढीग त्याच्या बुटांवर पडला. तो खाली बसला. मॅव्हिसने कुंपणाशी येऊन त्या पानांकडे पाहिलं.

"गुरुवारी आमच्या मेंढ्यांपुढे पेंढा होता," ती म्हणाली. "कुठून आणलास विचारलं, तर म्हणाला, मिळाला."

पर्सीने मान खाली घातली. "पोरी, चूक माझी. मी दाबून बघायला हवं होतं. कमिटीला सांगतो, उंदरांनी नेला."

"उंदरांना कशाला दोष देतोस, पर्सी? सगळ्यांना खरं सांग."

पण खरं ऐकायला कोणाला वेळ नव्हता. कप हॉटेलातल्या काचेच्या कपाटात गेला. टेडचं काय झालं, असं परगावच्यांनी विचारलं तर लोक सांगायचे, "खांबाने खांदा घेतला." मी घेतला म्हणे! मला ढकलायला हात नाहीत आणि बाजूला सरायला पाय नाहीत.

सप्टेंबरात कातरणाऱ्यांची लॉरी सवयीने टेडच्या फाटकाशी थांबली. ड्रायव्हरने खिडकीतून टेडच्या गळ्यात अडकवलेली हाताची झोळी पाहिली, टोपीला हात लावला आणि लॉरी निघाली. टेड धूळ खाली बसेपर्यंत तिथेच उभा होता. त्याचा हात पुन्हा खांद्याच्या वर गेलाच नाही.

तीन मेंढ्यांपैकी दोन मेल्या. एक तगली. पुढच्या वसंतात तिची लोकर वाढली तेव्हा मॅव्हिसने ती अंगणात कातरली. वेडीवाकडी कात्री चालवत, मध्येमध्ये कातडी कापत. टेडने डाव्या हाताने मेंढीचं डोकं धरलं होतं.

"बाबा, तुम्ही का नाही कातरत?" नोरीनने विचारलं.

"तुझ्या आईला शिकू दे," तो म्हणाला. मग मॅव्हिसला हळूच सांगू लागला, "कातडी ताण आधी... पोटाकडून घे... हां, असं." त्याचा उजवा पंजा मांडीवर पडल्यापडल्या उघडत होता, मिटत होता. मी नजर फिरवू शकत नाही, म्हणून शेवटपर्यंत पाहिलं.

आता बुंध्याला टेकवलेला चेंडू ट्राय धरत नाहीत. येराबनचा संघच उरला नाही, मुलं दुसऱ्या गावाकडून खेळतात. माझ्या गादीचं गोणपाट कधीच कुजून गेलं. मला रंग लावा असं मी म्हणत नाही. पण मित्रांनो, जिथे खेळाल तिथे आधी खांबाची गादी मुठीने दाबून बघा, नुसती डोळ्यांनी बघू नका. आणि तुमच्या संघातलं कोणी अलीकडे गप्प गप्प असेल, तर मॅचच्या आधी त्याच्या घरी जाऊन या. त्या शनिवारी सगळं गाव टेडचं नाव घेऊन ओरडत होतं. त्याच्या घरी चारा आहे का, हे त्या आठवड्यात त्याला कोणी विचारलं नव्हतं.