खळ्यावरून खाली आणलेला दगड

दगड बोलतोय. नवल वाटून घ्यायचं असेल तर लवकर घ्या, गोड बोलून तुम्हांला थांबवून ठेवणं मला जमत नाही. शेणवे गावाच्या वरच्या अंगाला डोंगरालगत आमची वाडी आहे. तिथं मंगळूच्या दारात, मोरीच्या पाण्याजवळ, मधे खोलगट असा काळा दगड पडलाय तो मी. आता माझ्यावर मंगळूची बायको जना कपडे आपटते. आधी माझ्यावर भात आपटायचे. दोन्हीत फरक आहे, तो ज्याला कळत नसेल त्यानं इथूनच वाट धरावी.

जन्म आगीतला. डोंगर फुटून वगैरे नव्हे. जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यातून तांबडालाल रस वर आला, पसरला, निवला. त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. माहुलीचा डोंगर बघा, त्याच्या अंगावर आडवे पट्टे दिसतात. ते आमचे थर. मी त्यातल्याच एका थराचा निखळलेला धोंडा. माणसं नव्हती तोवर बरं चाललं होतं.

पहिला धनी लखमा, म्हणजे या मंगळूचा आजा. त्यानं डोंगरावर वरकस, म्हणजे उताराचं हलकं रान, साफ केलं, तिथं भाताची दोन खाचरं आणि वरईचा तुकडा काढला, खळं केलं. चार माणसं लावून मला ढकलत आणलं आणि खळ्याच्या मधोमध वीतभर पुरून बसवलं. तेव्हापासून दर वर्षी पेंढी उचलायची, माझ्यावर आपटायची, दाणा खाली, काडी बाजूला. गवताच्या काडीनं दगड झिजत नाही असं तुम्हांला वाटत असेल. झिजतो. तीन पिढ्या लागतात. माझ्या मधला खळगा त्याचा आहे.

झोडणी संपली की जना माझ्यावर एक अंडं ठेवायची, मूठभर भात ठेवायची आणि म्हणायची, "बस हितंच." एवढीच पूजा. आणि एकच नेम, बसवलेला दगड हलवायचा नाही.

गेल्याच्या गेल्या वर्षी, भात कापून झाल्यावर, कुठल्याशा कॉलेजच्या भाग्यश्री मॅडम दहा-बारा पोरं घेऊन डोंगरावर आल्या. हातात हातोडी. मंगळू खळं सारवत होता. मॅडमनी माझ्याकडं असं पाहिलं, जसं आजवर कुणी पाहिलं नव्हतं.

"बाबा, या दगडाचा छोटा तुकडा घेऊ का?"

"घे गो बाय. डोंगरभर दगडच हायत, ह्याचाच कशाला पायजे?"

"ऊनपावसानं कुजला नाही, चांगला ताजा आहे."

"ताजा?" मंगळू हसला. "माझ्या आज्यानं बसवलाय तो."

"साडेसहा कोटी वर्षांचा आहे, बाबा."

"मंग माझा आजा जरा उशिरानंच आला म्हणायचा."

मॅडम खळ्याच्या कडेला बसल्या आणि पोरांना सांगायला लागल्या. मंगळूही शेणाचे हात झटकून ऐकत राहिला. चंद्रावर काळे डाग दिसतात ना, ते माझ्याच जातीचे दगड. तिथंही असाच रस पसरला होता, तीनशे कोटी वर्षांपूर्वी. आता तिथं सगळं थंड. माणसं गेली, तिथले दगड उचलून पृथ्वीवर घेऊन आली, काचेच्या पेटीत ठेवले.

मंगळावर एक डोंगर आहे, म्हणे, पंचवीस माहुल्या एकावर एक ठेवल्या तर तेवढा उंच. तिथली जमीन सरकत नाही, म्हणून खालून येणारी आग एकाच जागी साचत गेली आणि डोंगर वाढत गेला. आपली जमीन मात्र सरकली. आमची आग मागं राहिली आणि आम्ही पुढं आलो. ती आग अजून दक्षिणेच्या समुद्रात एका बेटावर जळतेय. इतकी वर्षं मी समजत होतो, मी जागेवर आहे.

गुरू ग्रहाच्या एका चंद्राचं नाव आयो. त्याच्यावर आजही शेकडो ठिकाणी आग उडते, दोनशे मैल वर. का, तर एकीकडून गुरू त्याला ओढतो, दुसरीकडून बाकीचे चंद्र ओढतात. त्या ओढाताणीनं त्याचं पोट तापतं.

"म्हंजे आमच्यासारखंच," मंगळू म्हणाला. "फॉरेस्टवाला म्हणतो तहसीलला जा, तहसीलवाला म्हणतो फॉरेस्टला जा."

पोरं हसली. मॅडम हसल्या नाहीत. त्यांनी सांगितलं की शनीच्या एका चंद्रावर आगीऐवजी भेगांमधून पाणी उडतं.

"हे सांगू नको कुणाला," मंगळू म्हणाला. "भातसासारखं धरण बांधतील नि पाणी मुंबईला नेतील."

मग मॅडमनी माझ्या कडेचा सुपारीएवढा तुकडा काढला, पिशवीत घातला, कागदावर बराच वेळ काहीतरी लिहीत बसल्या.

"एवढं काय लिवतंस?"

"जागा लिहिते, बाबा. मंगळूबाबांचं खळं, जागेवर बसवलेला दगड, मधे झिजलेला. दगड कुठं होता ते लिहिलं नाही तर तो नुसता खडा."

मंगळूनं मान हलवली. त्यांचं कॉलेज कोणतं ते त्यानं विचारलं नाही.

आता मूळ गोष्ट. लखमानं साफ केलेली ती जमीन सरकारी नकाशात जंगलाची. पिढ्यान्‌पिढ्या कसणाऱ्याच्या नावावर ती होऊ शकते, असा कायदा आला. मंगळूनं दावा टाकला. पहिल्या पाहणीला साहेब आले, वाडीपाशी थांबले, वर डोंगराकडं पाहिलं, कपाळ पुसलं आणि माघारी गेले. वर चढलेच नाहीत. कागद आला, पुरावा नाही. मंगळूनं वर अपील केलं. वाडीच्या वनहक्क समितीचा सुदाम म्हणाला, "बाबा, कागद नसला तरी जागेवरच्या जुन्या खुणा पुरावा धरतात. तुमचं खळं हाय, दगड हाय. तो खळगा पायला की कुणी नाय म्हणणार नाय."

दुसऱ्या पाहणीची तारीख लागली. तीन दिवस आधी मंगळूचा मुलगा पंढरी भिवंडीच्या गोदामातून चार दिवसांची सुट्टी काढून आला. बाप-लेक ओट्यावर बसले.

"बाबा, तो साहेब परत वर चढला नाय तर?"

"मागल्याला चढला नव्हता."

"मंग दगडच खाली आणू. दारात ठेवू. हातपाय न हलवता पुरावा बघंल."

जना आतून म्हणाली, "बसवलेला दगड हलवू नये रे."

"आये, तुझा नेम साहेबाला ठावा हाय कं?"

"साहेबाला नाय. दगडाला हाय."

मंगळूनं तंबाखू मळून तोंडात टाकली. मग म्हणाला, "माणूस आपल्या दारात येतोय. त्याला उन्हात डोंगर चढवायचा, बरं दिसतं कं?"

सुदामला विचारायला हवं होतं. तो बायकोला घेऊन ठाण्याला दवाखान्यात होता.

दुसऱ्या दिवशी सहा जण वर आले. मला उकरलं, दोरांनी वाशाला बांधलं आणि खाली आणलं. वाटेत दोनदा टाकलं, त्याचं मला काही नाही. जनानं मला धुतलं, शेंदूर लावला, बाजूला झेंडू ठेवले. आणि साहेब समजा वर गेलेच तर पाय मुरगळायला नको, म्हणून पंढरीनं खळ्यावरचा माझ्या जागचा खड्डा माती घालून बुजवला, वर सपाट चोपला. खळ्याच्या कडेचे दगडही उचलून लांब टाकले.

साहेब आले. नवीन होते, तरुण, पायात कॅनव्हासचे बूट. मंगळूनं खुर्ची पुढं केली, चहा पुढं केला.

"बाबा, बसत नाही. आधी वर जाऊ."

"वर कशाला साहेब, लय चढ हाय. दगड हितं आणलाय तुमच्यासाठी. हा बघा."

साहेबांनी मला पाहिलं, खळग्यात हात घातला, दोन्ही बाजूंनी फोटो काढले. मग विचारलं, "हा वर कुठं होता?"

"खळ्यावर."

"दाखवा."

ते चढले. थांबत थांबत, पण पार चढले. वरचं मी पाहिलेलं नाही, मी दारात होतो. जना सांगते ते सांगतो. साहेब सपाट मातीवर उभे राहिले. त्या साली फॉरेस्टनं पेरू दिलं नव्हतं, म्हणून सगळीकडं पावसानंतरचं गवत, खाचरांचे बांध ढासळलेले, खळ्याची कड नाही, दगड नाही. मंगळू पायानं माती दाखवत होता. "हितं होता साहेब. हितंच." साहेबांनी पंढरीला विचारलं, ही माती कधी टाकली. पंढरी खरं बोलला. "परवा."

साहेब माणूस वाईट नव्हता. उतरताना म्हणाला, "बाबा, दगड जागेवर असता तर मी डोळे झाकून लिहिलं असतं."

दोन महिन्यांनी कागद आला. जागेवर जुन्या वहिवाटीची खूण आढळली नाही.

पंढरी म्हणाला, दगड परत वर नेऊ आणि पुन्हा वर अर्ज टाकू. सुदामनं डोकं धरलं. "आता नेलास तर खोटा पुरावा ठेवला म्हणतील. साहेबाच्या फोटोत दगड तुझ्या दारात हाय, तारखेसकट. त्यापेक्षा ती मॅडम शोध, तिनं लिवून नेलंय ना?"

"कुठली मॅडम?"

"हातोडी घेऊन आलेली, तुकडा नेलेली. तुझ्या बापाला ठावं."

मंगळूला एवढंच ठाऊक, नाव भाग्यश्री. पंढरी दोन कॉलेजांत जाऊन आला. तिसऱ्यात जायला सुट्टी मिळाली नाही.

यंदा फॉरेस्टनं वरकसावर चर खणलेत. खाचरात सागाची रोपं लावलीत, खळ्यावर पाटी ठोकलीय. मंगळू आता वर जात नाही. दुपारी जना कपडे धुऊन गेली की माझ्यावर बसतो. कधी कधी दिवसाही चंद्र दिसतो, पांढरट, त्यावरचे डाग फिके. तो त्याच्याकडं बघत बसतो. तिथला दगड जागेवरून उचलला तर त्याला काचेची पेटी मिळाली. मला मोरी मिळाली. त्याचं कुठून उचलला ते कुणीतरी लिहिलं होतं. माझंही लिहिलं होतं. तो कागद कुठल्या कपाटात आहे ते या वाडीत कुणाला ठाऊक नाही.

परवा मंगळू जनाला म्हणाला, "तू म्हणली होतीस, हलवू नये."

जना म्हणाली, "आता कशाला काढताव?" आणि बादली माझ्यावर ओतली.

तुम्ही आमच्या वाडीवरून जाल तर माझ्यावर बसा, चप्पल घासा, काही करा. फक्त कुठला म्हणून विचारू नका. मंगळू बोट करून वर दाखवतो, आणि तिथं काही नाही.